दोष, दैव आणि पहिला श्वास

बाळंतिणीच्या खोलीबाहेर बसलेल्या मराठी आजीचा पहिला प्रश्न असतो, ‘रडलं का?’ मुलगा की मुलगी, हे ती नंतर विचारते. न रडणारे मूल म्हणजे श्वास न घेणारे मूल, हे शहाणपण सुईणींच्या पिढ्यांनी साठवलेले आहे. परंतु मूल उशिरा रडले, जगले आणि पुढे मान धरीना, बसेना, बोलेना, तर त्या हरवलेल्या मिनिटांचा जाब कोणाला विचारायचा? ह्या प्रश्नाचे परंपरेने दिलेले उत्तर मला पुरे वाटत नाही. आधुनिक काळाने दिलेलेही नाही.

प्रश्न माझ्यापुढे उभा राहिला तो म्हैसूरच्या बन्नीमंटपात. बन्नी म्हणजे आपली शमी. पांडवांनी अज्ञातवासात जिच्यावर शस्त्रे ठेवली ती. विजयादशमीची मिरवणूक राजवाड्यापासून निघून येथेच विसर्जित होते. काही वर्षांपूर्वी एका चर्चासत्रासाठी गेलो असता ह्या भागातील एका साध्या निवासात मी उतरलो होतो. शेजारच्या खोलीत सीमाभागातील एक मराठी कुटुंब होते : आजी, सून आणि सहा-सात वर्षांचा नातू. मानसगंगोत्रीतील अखिल भारतीय वाक्-श्रवण संस्थेत मुलाला दाखवायला ती आली होती. ओळख होऊन पाच मिनिटे झाली नसतील, तोच आजी म्हणाली, ‘जन्मला तवा रडलाच नाही बघा. हिनं कळा वेळेत सांगितल्या असत्या तर...’ सून मुलाच्या हनुवटीवरची लाळ पुसत राहिली.

‘असत्या तर’ हा संकेतार्थ व्याकरणाच्या पुस्तकात निरुपद्रवी असतो. घरात त्याचे आरोपपत्र होते, आणि आरोपी बहुधा ठरलेली असते.

परंपरा ह्यापेक्षा दयाळू होती असे कोणी म्हणेल. पाचवी पूजताना बाळाजवळ कोरा कागद आणि लेखणी ठेवायची, रात्री सटवाई येऊन ललाटलेख लिहिते, असे आपण मानत आलो. ह्या कल्पनेत एक मोठा दिलासा आहे. अक्षर देवीचे असल्यामुळे ते कोणा माणसाच्या चुकीचे राहत नाही. परंतु तोच दिलासा हात बांधूनही ठेवतो. शिवाय सटवाईवर हवाला ठेवणारी घरेही सुनेला ‘पांढऱ्या पायाची’ म्हणायला चुकत नाहीत; दैववाद आणि दोषारोप एका छपराखाली सुखाने नांदतात.

विज्ञानाने हे अक्षर माणसाच्या आवाक्यात आणले. प्राणवायू आणि रक्त ह्यांचा पुरवठा खंडित झाला की मेंदूच्या पेशींची ऊर्जा आटते. पुरवठा पूर्ववत झाल्यावर पेशी काही तास सावरल्यासारख्या दिसतात आणि मग दुसरी, अधिक घातक पडझड सुरू होते. मधला अवधी साधारण सहा तासांचा. म्हणून जन्मानंतर सहा तासांच्या आत बाळाचे शरीर तेहतीस-चौतीस अंशांपर्यंत थंड करून बहात्तर तास तसेच ठेवण्याचा उपचार श्रीमंत देशांत रूढ झाला. तोच भारत, श्रीलंका आणि बांगलादेश येथील ४०८ बालकांवर तपासला गेला, तेव्हा २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार मृत्यू किंवा गंभीर अपंगत्व कमी झाले नाही. उलट थंड केलेल्या बालकांत मृत्यूंचे प्रमाण ४२ टक्के, इतरांत ३१ टक्के निघाले. सद्हेतूचा उपाय दुसऱ्या भूमीत अपायकारक ठरू शकतो, हे कबूल करण्याचा प्रांजळपणा मला ह्या प्रयोगाइतकाच महत्त्वाचा वाटतो.

आणि कारणाचे काय? कष्टप्रद जन्म आणि मुलांचे आखडलेले अवयव ह्यांचा संबंध विल्यम लिटल ह्या इंग्रज शल्यवैद्याने १८६१ साली मांडला. स्वप्नांकडे वळण्यापूर्वी मज्जातंतुतज्ज्ञ असलेल्या फ्रॉइडने १८९७ साली त्यावर शंका घेतली : अवघड बाळंतपण हे काही वेळा कारण नसून गर्भातच घडलेल्या बिघाडाचे लक्षण असू शकेल. पुढील संशोधनाने ही शंका बरीचशी खरी ठरवली. सेरेब्रल पाल्सीच्या बहुसंख्य मुलांच्या बाबतीत जन्मवेळचे गुदमरणे हे एकमेव कारण नसते. साहित्याचे विद्यार्थी फ्रॉइडला वडिलांच्या आणि आईच्या दोषांचा भाष्यकार म्हणून ओळखतात. येथे मात्र त्याने कित्येक मातांवरचा आरोप सैल केला, ही मौज नोंदवण्याजोगी आहे.

तरीही जेथे गुदमरणे हेच कारण असते, तेथे दैव म्हणून स्वस्थ बसता येत नाही. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग ह्यांच्या ‘सर्च’ संस्थेने ३९ गावांत थोडे शिकलेल्या स्त्रियांना आरोग्यदूत म्हणून शिकवले. बाळंतपणे बहुतांशी घरीच होत. सुईणीसोबत ही बाई बसे आणि मूल रडले नाही तर मुखवटा लावून हवेच्या पिशवीने त्याच्या छातीत श्वास भरी. गुदमरून होणारे मृत्यू सुमारे ६५ टक्क्यांनी घटल्याचे २००५ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या अभ्यासात नोंदले आहे. नैतिक विचाराच्या दृष्टीने येथे काहीतरी मूलभूत बदलते. ‘कोणाचे चुकले?’ हा प्रश्न घटना घडल्यावर येतो आणि उतारावरच्या पाण्यासारखा सर्वांत दुबळ्या माणसापाशी जाऊन थांबतो. ‘त्या खोलीत पिशवी घेऊन कोण बसणार?’ हा प्रश्न कळा सुरू होण्याच्या कितीतरी आधीचा आहे, आणि तो बाळंतिणीला विचारताच येत नाही. तो गावाला, सरकारला, साधने हाती असणाऱ्या प्रत्येकाला विचारावा लागतो. दोष आणि दायित्व ह्या शब्दांची आपण फार गल्लत करतो. दायित्व सामर्थ्याच्या प्रमाणात वाढते. दोष मात्र, निदान आपल्याकडे, असहायतेच्या प्रमाणात वाटला जातो.

हे सारे त्या आजीला सांगण्याचा मी माझ्या परीने प्रयत्न केला. तिने ऐकून घेतले. दुसऱ्या दिवशी सकाळी ती चहा आणायला खाली गेली असताना सून व्हरांड्यात आली. मूल तिच्या कडेवर होते, मान तिच्या खांद्यावर टेकलेली. ‘मी सांगितलं होतं,’ ती म्हणाली. ‘संध्याकाळीच सांगितलं होतं. गाडी मिळाली पहाटे.’ मग थोडे थांबून तिने विचारले, ‘ते कुठं लिहून ठेवत असतील का?’

तेवढ्यात जिन्यावर पावले वाजली आणि ती मुलाला घेऊन आत गेली.