कोटाची अब्रू

माणसाची अब्रू त्याच्या अंगी असते की अंगावरच्या वस्त्रात, हा प्रश्न एका जर्मन मूकपटाने असा मांडला आहे, की त्याचे उत्तर आम्हांला सहजासहजी देता येत नाही. मुर्नाऊ यांचा ‘डेर लेट्स्टे मान’ १९२४ साली निघाला. कथा कार्ल मायर यांची, प्रमुख भूमिका एमिल यानिंग्ज यांची. मोठ्या हॉटेलच्या दाराशी चकाकत्या गुंड्यांचा कोट घालून उभा राहणारा वृद्ध दरवान पावसात जड ट्रंक उतरवताना दमतो, क्षणभर टेकतो; नेमके तेच व्यवस्थापकाच्या दृष्टीस पडते. दुसऱ्याच दिवशी त्याचा कोट उतरवून त्याला तळघरातील प्रसाधनगृहात टॉवेल देण्याच्या कामी धाडतात.

घरी लग्न. म्हातारा तो कोट चोरतो आणि पूर्वीच्याच ऐटीत मिरवतो. पुढे बिंग फुटते, आणि काल ज्या चाळवजा वस्तीने त्या कोटाला सलाम केले, तीच त्याला हसते. शेजाऱ्यांना नावे ठेवणे सोपे आहे. परंतु म्हातारा तरी वेगळ्या मताचा कोठे आहे? टॉवेल देण्याचे काम त्यालाही हीनच वाटते. एरवी चोरी कशासाठी? ‘अब्रू’ हा शब्द फारसीतला, मूळ अर्थ चेहऱ्याचे पाणी. यानिंग्ज यांच्या चेहऱ्यावरचे ते पाणी कोटाबरोबर उतरते, पाठ वाकते, आणि त्यासाठी एकाही शब्दाची गरज पडत नाही.

मग निवेदनाची एकच पाटी येते: खरे तर कथा येथेच संपावी, पण लेखकाला दया आली. एका धनाढ्याची संपत्ती अकस्मात म्हाताऱ्याच्या पदरी पडते आणि त्याच हॉटेलात तो मेजवानी झोडतो. अनेकांना हा शेवट खटकतो. आम्हांला मात्र त्यातला उपरोध मोलाचा वाटतो: पैसा हाही एक कोटच की! शिवाय ज्यांनी हेटाळणी केली ते शेजारी या भागात फिरकतही नाहीत. त्यांच्याकडून क्षमेचा शब्द नाही.

उद्धार म्हणावा असे काही घडते ते त्या पाटीच्या आधी, अंधारात. रात्रीचा रखवालदार चोरीचा कोट मुकाट्याने परत घेतो, जाब विचारीत नाही, आणि प्रसाधनगृहात बसल्या जागी झोपी गेलेल्या म्हाताऱ्यावर आपला स्वतःचा कोट पांघरतो. त्या कोटाला कोणी सलाम करीत नाही. पुढे मेजवानीच्या टेबलाशी म्हातारा आपल्याजवळ बसवतो, तो यालाच.