देवतेविना उत्सव : अर्थसीच्या दीर्घनृत्याचा विचार

उत्सव कोणाच्या तरी नावाने असतो, हे धर्माचा विचार करताना बहुधा गृहीत धरले जाते. देवता, पूर्वज किंवा निसर्गशक्ती यांपैकी कोणीतरी त्याचा स्वीकार करणारे असावे लागते आणि ते नसेल तर उरते ती केवळ रूढी किंवा करमणूक, अशी ही समजूत आहे. अमेरिकन लेखिका अर्सुला के. ल ग्विन (१९२९–२०१८) यांनी 'अर्थसी' या कल्पित जगासाठी रचलेला दीर्घनृत्याचा उत्सव या समजुतीला थेट आव्हान देतो. मानववंशशास्त्रज्ञ आल्फ्रेड क्रोबर यांच्या घरात वाढलेल्या आणि पुढे 'ताओ ते चिंग'चे स्वतःचे इंग्रजी रूप सिद्ध करणाऱ्या या लेखिकेने विधीकडे कथेची शोभा म्हणून पाहिले नाही, हे त्या उत्सवाच्या प्रत्येक तपशिलातून जाणवते.

अर्थसी हे समुद्रात विखुरलेल्या असंख्य बेटांचे जग असून, वस्तूचे खरे नाव जाणणाऱ्याची तिच्यावर सत्ता चालते, या तत्त्वावर तेथील जादू उभी आहे आणि ती विद्या शिकवणारे गुरुकुल रोक नावाच्या बेटावर आहे. मध्यवर्ती द्वीपसमूहातील लोकांना देवळे नाहीत, पुरोहितही नाहीत. मात्र दर उन्हाळ्यात, वर्षातील सर्वांत लहान रात्रीच्या सुमारास, ते दीर्घनृत्य करतात. १९६८ सालच्या 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' या कादंबरीत या उत्सवाचे जे वर्णन येते, त्यात चंद्ररात्रीचा सण आणि दीर्घनृत्य एकत्र येण्याचा, बावन्न वर्षांतून एकदाच घडणारा योग साधलेला आहे. पहिली रात्र ढोल, मशाली आणि बासऱ्यांनी गजबजून जाते, सूर्योदयाला गायक एर्रेथ-अक्बे या वीराची प्रदीर्घ गाथा गाऊ लागतात आणि त्यानंतर गावकरी, शेतकरी, विद्यार्थी व आचार्य, स्त्रिया आणि पुरुष, असे सगळे मिळून रस्त्यांच्या उबदार धुळीतून नाचत किनाऱ्याकडे निघतात व नाचतच समुद्रात शिरतात, तेव्हा लाटांच्या आवाजात वाद्यांचा आवाज बुडून जातो. उजाडू लागताच ते माघारी फिरतात, ढोल थांबलेले असतात आणि फक्त बासऱ्या वाजत असतात. त्याच रात्री द्वीपसमूहातील प्रत्येक बेटावर हेच चाललेले असते. रोकच्या गुरुकुलाचे दार स्त्रियांना बंद आहे, हे लक्षात घेतले म्हणजे त्या धुळीत आचार्यांनाही सर्वांच्या बरोबरीने पावले टाकावी लागतात, या गोष्टीचे मोल कळते.

उत्सवात गायल्या जाणाऱ्या 'एआच्या उत्पत्ती'च्या गीताला ३१ कडवी असून, सेगॉयने समुद्रातून बेटे कशी वर काढली आणि नाव घेऊन सर्व सृष्टी कशी घडवली, हे त्यात सांगितले आहे. 'टेल्स फ्रॉम अर्थसी' (२००१) या संग्रहातील परिशिष्टानुसार ते प्रत्येक मुलाला शिकवले जाते, आणि ज्या प्रौढाला ते तोंडपाठ नाही तो अडाणी गणला जातो. तरीही हे नृत्य सेगॉयकडे काही मागण्यासाठी नाही. त्यात नैवेद्य नाही, नवस नाही, फलश्रुतीही नाही.

अशा कर्माला धर्म म्हणावे काय, हा प्रश्न भारतीय वाचकाला परका नाही. वैदिक वाक्यांच्या अर्थनिर्णयाचे शास्त्र असलेल्या पूर्वमीमांसेत, जैमिनीच्या सूत्रांवरील भाष्यात शबरस्वामींनी देवतेला शरीर नाही, ती हवी खात नाही आणि फळही देत नाही, असे प्रतिपादन केले. त्यांच्या मते देवता यज्ञाचे अंग आहे आणि फळ येते ते कर्मातून, 'अपूर्व' या अदृष्ट शक्तीच्या द्वारे. दीर्घनृत्य मीमांसेच्या या भूमिकेच्याही एक पाऊल पुढे जाते, कारण मीमांसकाने देवता गौण ठरवली तरी स्वर्गाची कामना राखली, आणि अर्थसीच्या नर्तकांनी तीही सोडलेली आहे. डच विद्वान फ्रिट्स स्टाल यांनी १९७५ साली केरळातील पांजाळ येथे अग्निचयनाचे निरीक्षण केल्यानंतर विधीला नियम असतात पण अर्थ नसतो, असा निष्कर्ष मांडला. हा निष्कर्ष मात्र दीर्घनृत्याला लागू पडत नाही, आणि त्याचे कारण ल ग्विन यांच्या १९७२ सालच्या 'द फार्दस्ट शोअर' या कादंबरीत सापडते.

त्या कादंबरीत जगातील जादू ओसरू लागली आहे, कारण मरण टाळण्याच्या हव्यासापायी एका मांत्रिकाने जीवन आणि मृत्यू यांच्यामधली सीमा फोडली आहे. माणसे नावे विसरतात, कारागीर कसब विसरतात. दूर दक्षिणेकडे तराफ्यांवर जन्मणारे आणि तराफ्यांवरच मरणारे एक लोक आहेत. ज्यांना नाचत जायला रस्ता नाही तेही आपले तराफे एकत्र आणून दीर्घनृत्याची रात्र नाचून काढतात. त्या रात्री त्यांचे गायक मध्येच थबकतात, कारण पुढचे शब्द त्यांना आठवत नाहीत. तेव्हा एनलाडचा राजपुत्र आरेन, जो त्यांचा पाहुणा आहे आणि ज्याचे रीतिरिवाज वेगळे आहेत, उत्पत्तीचे गीत गाऊ लागतो व ती रात्र पहाटेपर्यंत नेतो. गाणे तुटताच सगळ्यांना भय वाटते, पण ते कोणा देवतेच्या कोपाचे नसते. सर्वांनी मिळून धरून ठेवलेले काहीतरी आपल्या हातून सुटले, याचे ते भय असते. हाच या विधीचा अर्थ, आणि तो शब्दांत सांगता येतो.

याउलट 'द टूम्ब्स ऑफ अटुआन' (१९७१) मध्ये अर्थसीतल्याच कार्ग लोकांची पुजारीण टेनार रिकाम्या सिंहासनासमोर अमावास्येला नाचते. तिचे नाव हिरावून घेऊन तिला 'अर्हा', म्हणजे गिळली गेलेली, म्हटले जाते. येथे स्वीकारणाऱ्या शक्ती आहेत, पण नाचणारे माणूस उरलेले नाही. देवता असण्याने विधी पवित्र होत नाही, हे यापेक्षा स्पष्टपणे सांगणे अवघड आहे.

देवतेविना उत्सवाला ल ग्विन यांनी निष्पाप ठरवलेले नाही, हेही नोंदवले पाहिजे. रोकवरील त्या दुर्मीळ योगाच्या दीर्घनृत्यानंतरच्याच रात्री गेड हा तरुण विद्यार्थी गर्वापोटी मृताला हाक मारतो, त्यातून एक काळी छाया जगात सुटते आणि तिच्यापासून त्याला वाचवताना वृद्ध महाआचार्य नेमर्ले यांचा प्राण जातो. एकत्र नाचल्याने माणसाचा अहंकार गळत नाही. दीर्घनृत्य त्याला फक्त आठवण देते, आणि आठवण पाळायची की नाही हे त्याच्यावर राहते. म्हणूनच दीर्घनृत्याला धर्मकर्म म्हणणे योग्य आहे, कारण त्यात फळाची हमी नाही आणि कर्तव्य मात्र पूर्ण आहे. देवतेचे स्थान गौण मानणाऱ्या मीमांसेचा अभ्यास करणाऱ्या मराठी वाचकांनी या कादंबऱ्या मुलांच्या कथा म्हणून बाजूला न ठेवता अवश्य वाचाव्यात.