न आलेल्या बाईचं मत

गावातलं दारूचं दुकान चालू ठेवायचं की बंद करायचं, हे ठरवण्यासाठी महाराष्ट्रात बायकांचं मतदान घेता येतं. मतपत्रिकेवर दोन चित्रं असतात, एक उभी बाटली आणि एक आडवी बाटली. उभीवर शिक्का म्हणजे दुकान राहू द्या, आडवीवर शिक्का म्हणजे बंद करा. २००८ च्या सरकारी आदेशानं याची रीत ठरवून दिली. गावातल्या किमान २५ टक्के महिला मतदारांनी सह्यांनिशी मागणी करायची, सह्यांची पडताळणी व्हायची आणि मग गुप्त मतदान. दुकान बंद व्हायला आडव्या बाटलीला निम्म्याहून जास्त मतं लागतात. ही निम्मी मोजायची ती मतदानाला आलेल्या बायकांच्या संख्येवर नाही, तर यादीत नाव असलेल्या सगळ्या बायकांच्या संख्येवर.

ही एक अट समोर ठेवून परभणीतल्या एका घरात वाद मांडून पाहू. माणसं कल्पनेतली आहेत, पेच खरा आहे. मामा जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेले, केंद्राध्यक्ष म्हणून अनेक निवडणुका पार पाडलेले. भाची परभणीच्या न्यायालयात वकिली करते. गंगाखेडकडच्या एका गावातल्या बायका तिच्याकडे अर्ज लिहून घ्यायला आल्या आहेत, आणि अर्ज देण्याआधी तिला मामांशी बोलायचं आहे.

"मामा, हजार बायकांची यादी धरा," ती म्हणाली. "सहाशे जणी मतदानाला आल्या. चारशे नव्वद जणींनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला, एकशे दहा जणींनी उभीवर. दुकानाचं काय होणार?"

"चालू राहणार."

"म्हणजे चौपटीहून जास्त मतं मिळवून त्या हरल्या."

"हरल्या, कारण चारशे जणींनी काहीच सांगितलं नाही. परवाना सरकारनंच दिलेला असतो, दुकानदारानं फी भरलेली असते. चालू असलेली गोष्ट बंद करायची तर गाव खरंच मागं उभं आहे हे दिसायला नको का? उद्या दोनशे जणी येतील आणि उरलेल्या आठशे जणींच्या नावानं निकाल लावतील."

"पण न आलेल्या चारशे जणींचं मत कायद्यानं उभ्या बाटलीच्या खात्यात टाकलं, त्याचं काय? आणि ग्रामसभेला ही अट का नाही? तिथं कोरम किती, तर मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० जण, यातला कमी असेल तो आकडा. तेवढेही जमले नाहीत तर सभा तहकूब, आणि तहकूब सभेला कोरमची अटच नाही. म्हणजे पंधरा जण पारावर बसून गावाच्या विकास आराखड्याला मंजुरी देऊ शकतात. थेट निवडून आलेल्या सरपंचाविरुद्ध सदस्यांनी अविश्वास ठराव केला की तो विशेष ग्रामसभेपुढं जातो, गुप्त मतदान होतं आणि आलेल्यांच्या बहुमतावर सरपंचाची खुर्ची जाते. सरपंच जाऊ शकतो, दारूचं दुकान मात्र जाऊ शकत नाही?"

मामांनी लगेच उत्तर दिलं नाही. भाचीचा मुद्दा वजनदार होता. एकाच गावात, एकाच मतदारयादीवर कायदा दोन मापं वापरतो. एका ठिकाणी मूठभरांवर भरवसा टाकतो, दुसऱ्या ठिकाणी पाचशे बायकांवरही शंका घेतो.

"पंधरा जणांची ग्रामसभा हा रोग आहे, माय," मामा शेवटी म्हणाले. "रोगाला माप मानून दुसरीकडं लावू नकोस."

इतका वेळ मामी मतदारयादीची पानं चाळत होत्या. भाचीनं ती प्रत सोबत आणली होती, आणि गाव मामींच्या माहेराशेजारचं. त्यांचं बोट एकेका नावावर थांबत होतं. ही दोन वर्षांमागं वारली. ही लग्न होऊन लातूरला गेली, तिला दोन लेकरं झाली, नाव अजून इथंच. या तिघी जावा एकाच घरातल्या, तिघीही नवऱ्यांसोबत ऊसतोडीला. दिवाळी झाली की मुकादमाची गाडी येते, एक जोडपं म्हणजे एक कोयता, आणि उचल घेतलेली असली की मतदानासाठी कारखान्यावरून सुट्टी मिळत नाही. पार गुढीपाडव्याच्या सुमाराला माणसं परत येतात. गंगाखेड, सोनपेठ, पालम या पट्ट्यातल्या गावांत हिवाळ्यात म्हातारी आणि लेकरंच दिसतात.

"मतदान पौषात ठेवलं तर या सगळ्या जणी उभ्या बाटलीकडून मोजल्या जाणार," मामी म्हणाल्या. "मेलेलीसुद्धा."

मामींना ठाऊक नसेल, पण अशाच एका अटीमुळं एका देशाचा कौल अडला होता. १ मार्च १९७९ रोजी स्कॉटलंडमध्ये स्वतःच्या विधिमंडळासाठी सार्वमत झालं. मतदान करणाऱ्यांपैकी ५१.६ टक्के लोकांनी होकार दिला. पण एकूण मतदारांपैकी ४० टक्क्यांचा होकार हवा, अशी अट ब्रिटिश संसदेनं आधीच घालून ठेवली होती. होकाराचं प्रमाण ३३ टक्क्यांच्या आसपास भरलं आणि विधिमंडळ बारगळलं. यादीतले मेलेले आणि स्थलांतरित लोक नकाराच्या बाजूनं मोजले गेले, ही तक्रार तिथंही झाली. १९९७ मध्ये पुन्हा विचारलं तेव्हा ती अट नव्हती, आणि जवळजवळ तीन चतुर्थांश लोकांनी होकार दिला.

मामींनी आणखी एक गोष्ट सांगितली, आणि ती कुठल्याही कायद्याच्या पुस्तकापेक्षा महत्त्वाची आहे. "मतदान गुप्त म्हणता. ज्याला दुकान हवं त्यानं घरच्या बाईला जाऊच दिलं नाही की त्याचं काम झालं. मग रांगेत उभी राहील ती आडव्या बाटलीचीच, हे सगळ्या गावाला कळतं. शिक्का कुणी पाहत नाही, रांग सगळे पाहतात."

इथं मामा सरसावून बसले. केंद्राध्यक्ष म्हणून त्यांनी आयुष्यभर मतपेटीची गुप्तता सांभाळली होती. गैरहजेरीच मत ठरते तेव्हा ही गुप्तता दारातच संपते, हे त्यांना मान्य करावं लागलं. इटलीत हेच मोठ्या प्रमाणावर घडतं. तिथं कायदा रद्द करण्याच्या सार्वमताला निम्म्याहून जास्त मतदारांनी मतदान करावं लागतं, म्हणून विरोधक प्रचार करतात तो घरी बसण्याचा. जून २०२५ मध्ये कामगार कायदे आणि नागरिकत्वावरची सार्वमतं अशीच ३० टक्क्यांच्या आसपासच्या मतदानात वाया गेली.

"मग अट काढूनच टाकायची?" मामांनी विचारलं. "साधं बहुमत, जितके आले तितके?"

"गोव्यात तेच केलं की."

१६ जानेवारी १९६७. महाराष्ट्रात विलीन व्हायचं की केंद्रशासित प्रदेश म्हणून वेगळं राहायचं, असा प्रश्न गोव्यापुढं होता. विलीनीकरणाला फूल, वेगळं राहण्याला दोन पानं. दोन पानांना १,७२,१९१ मतं पडली, फुलाला १,३८,१७०. फरक ३४,०२१. आडव्या बाटलीची अट तिथं असती तर ऐंशी टक्क्यांहून जास्त मतदान होऊनही एकूण मतदारांच्या निम्म्याहून जास्त मतं कुठल्याच बाजूला मिळाली नसती, आणि गोव्याचा प्रश्न लोंबकळत राहिला असता.

"पण तिथं तयारी काय होती ते बघ," मामा म्हणाले. "मुख्यमंत्री भाऊसाहेब बांदोडकर विलीनीकरणाचे पुरस्कर्ते. ते खुर्चीवर असताना मतदान निःपक्ष होणार नाही, अशी विरोधकांची हरकत होती, म्हणून मतदानाआधी त्यांनी राजीनामा दिला. दोन्ही बाजू महिनोन्‌महिने गावोगाव फिरल्या. आणि निकालानंतर त्याच वर्षी विधानसभेची निवडणूक झाली, त्यात बांदोडकरांचाच पक्ष परत सत्तेत आला. लोकांनी माणूस ठेवला, त्याचा मुद्दा नाकारला. निवडणुकीत हे दोन्ही एकाच शिक्क्यात येतं, वेगळं करता येत नाही. सार्वमताची किंमत मला इथं कळते."

मामांचं हे म्हणणं नीट लक्षात ठेवण्यासारखं आहे. आपण दर पाच वर्षांनी माणसं निवडतो. पण त्या माणसाच्या दहा मुद्द्यांपैकी सहा पटलेले असतात आणि चार नसतात. त्या चारांविषयी बोलायला सामान्य मतदाराकडं जागा नसते. परभणीला तर मोठ्या प्रश्नांवर कधी शिक्का मारायला मिळालाच नाही. १९४८ च्या फेब्रुवारीत जुनागढमध्ये सार्वमत झालं. निजामाशी चाललेल्या वाटाघाटींतही सार्वमताचा मुद्दा निघाला होता, पण परभणी ज्यात होती त्या हैदराबाद संस्थानाचा निकाल १३ ते १७ सप्टेंबरच्या पोलीस कारवाईनं लागला. पुढं १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला तोही मतपेटीतून नाही. तरी हैदराबाद मुक्तिसंग्रामात स्वामी रामानंद तीर्थांच्या मागं जी माणसं तुरुंगात गेली, त्यांनी आपलं मत दिलंच नव्हतं असं कोण म्हणेल? लोकांची इच्छा मतपेटीबाहेरही उमटते, एवढं इथल्या माणसाला सांगावं लागत नाही.

"मग सगळंच मतदानाला टाकू," मामांनी भाचीला डिवचलं. "गावात कुणी राहायचं, कुणी दुकान लावायचं."

"नाही. ते मतदानाला टाकताच येत नाही." वकीलबाई ठाम होती. "फेब्रुवारी २०२५ मध्ये पाथर्डी तालुक्यातल्या मढीच्या ग्रामसभेनं यात्रेत मुस्लिम व्यापाऱ्यांना दुकानं लावू द्यायची नाहीत असा ठराव केला. प्रशासनानं तो रोखला, आणि योग्यच केलं. स्वित्झर्लंड थेट लोकशाहीचं माहेरघर म्हणतात. तिथल्या पुरुषांनी १९५९ मध्ये मतदान घेऊन बायकांना मताधिकार नाकारला. बायकांना तो १९७१ मध्ये मिळाला. ज्याचा हक्क जाणार तो रांगेतच नसेल, तर त्या मतदानाला मी लोकशाही म्हणणार नाही."

"मग हाच न्याय दारूच्या दुकानाला लाव. दुकानदाराचं पोट त्यावर आहे. आणि पिणारे पुरुष, त्यांना तर तुम्ही रांगेत घेतच नाही."

"दारूचा धंदा करणं हा मूलभूत हक्क नाही. खोडे डिस्टिलरीजच्या खटल्यात १९९४ मध्येच सर्वोच्च न्यायालयानं हे स्पष्ट केलं आहे. परवाना ही सरकारनं दिलेली सवलत आहे, ती काढून घेता येते. मढीच्या ठरावात माणसांचे हक्क जात होते. दोन्ही एका तराजूत कसे घालायचे?"

पुरुषांच्या प्रश्नाला उत्तर मामींनी दिलं. "पितो तो, निस्तरतं कोण? ज्याच्या अंगावर येतं त्याला विचारलं, यात वावगं काय?"

मामांचा कल मात्र मतदानापेक्षा सर्वसंमतीकडं होता. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखाचं उदाहरण त्यांना प्रिय होतं. तिथली ग्रामसभा मतं मोजत नाही. सगळ्यांची संमती होईपर्यंत विषय पुढं ढकलते, अभ्यासगट बसवून माहिती काढते, आणि मगच ठरवते. २००९ मध्ये देशात सर्वांत आधी ज्या गावांना सामूहिक वनहक्क मिळाले, त्यांत हे गाव होतं. "बघ, हरलेला कुणी उरतच नाही," मामा म्हणाले.

"मेंढ्यात होतं ते," भाची म्हणाली, "कारण तिथं आधी बोलणं होतं. आपल्याकडं सर्वसंमती म्हणजे बऱ्याचदा गप्प बसवणं. २०२१ च्या ग्रामपंचायत निवडणुकीत नाशिकच्या उमराणे आणि नंदुरबारच्या खोंडामळी इथं पदांचा लिलाव झाल्याचं उघड झालं, राज्य निवडणूक आयोगाला तिथली निवडणूक रद्द करावी लागली. वरून पाहिलं तर तीही बिनविरोधच."

रायगडचा विषयही निघाला. सप्टेंबर २००८ मध्ये पेण तालुक्यातल्या २२ गावांतल्या शेतकऱ्यांना महामुंबई सेझसाठी, म्हणजे विशेष आर्थिक क्षेत्रासाठी, जमिनी द्यायच्या का, असं सरकारनं मतदान घेऊन विचारलं. शेतकऱ्यांनी प्रचंड बहुमतानं नकार दिला. पण हा कौल बंधनकारक नाही, अशी सरकारची भूमिका होती. पुढं भूसंपादनाची मुदत संपली आणि सेझ बारगळला, तो भाग वेगळा. पाच वर्षांनी ओडिशात नियमगिरीच्या डोंगरावर खाण हवी का, हे सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानं बारा ग्रामसभांना विचारलं. बाराही नाही म्हणाल्या आणि तो नकार मानला गेला. आधी विचारायचं आणि उत्तर आपल्या सोयीचं नसलं की बाजूला ठेवायचं, यानं लोकांचा मतदानावरचा विश्वास उडतो. त्यापेक्षा न विचारलेलं परवडलं.

वाद संपला तेव्हा मामा अर्ध्या वाटेवर आले होते. चालू परवाना बंद करायला काहीतरी उंबरठा हवा, हे त्यांचं मत त्यांनी सोडलं नाही. पण तो मतदानाला आलेल्यांवर मोजावा, फार तर आडव्या बाटलीला यादीच्या तिसऱ्या हिश्श्याची तरी मतं मिळावीत, असं ते म्हणाले. भाचीला तेही जास्त वाटलं. मामींनी दोघांना थांबवून विचारलं की कायदा बदलेल तेव्हा बदलेल, या बायकांनी आत्ता काय करायचं?

त्याचं उत्तर ज्या गावांत अशा सह्या गोळा होत आहेत त्यांनाही सांगण्यासारखं आहे. सध्याच्या नियमात जिंकायचं असेल तर अर्जाआधी यादी हातात घ्या. मयत बायकांची आणि सासरी गेलेल्या लेकींची नावं वगळण्यासाठी नमुना ७ भरा. दर दोन वगळलेल्या नावांमागं लागणाऱ्या मतांचा आकडा एकानं खाली येतो. ऊसतोडीची माणसं गावात असतील अशाच महिन्यांत मतदान घ्यावं, ही मागणी अर्जातच लेखी करा. आणि मतदानाच्या दिवशी एकेकटीनं जाऊ नका, गल्लीतल्या सगळ्या जणी एकदम निघा.