कॅमेऱ्याचं देणं

आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ हा माहितीपट १९८५ साली आला. मुंबईतल्या झोपडपट्ट्यांवर पडणारा महापालिकेचा हातोडा हा त्याचा विषय. त्यात एक बाई कॅमेऱ्यासमोरच चित्रपट करणाऱ्यांवर चिडते. गरिबांची चित्रं काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्यासाठी काय करणार, असा तिचा सडेतोड सवाल. पटवर्धनांनी तो कापला नाही, चित्रपटात ठेवला. पुढे चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण तिचा सवाल अजून फिटलेला नाही.

अन्याय सोसणाऱ्या माणसाकडून आपण त्याचा चेहरा घेतो, आसवं घेतो, मोडलेला संसार घेतो. महोत्सव आणि टाळ्या शहरात होतात. तो मात्र तिथंच राहतो, आणि तोंड उघडल्याची किंमत पुन्हा त्यालाच मोजावी लागते. म्हणून संमती म्हणजे कागदावरची सही, एवढ्यावर मला समाधान वाटत नाही. बोलल्यानंतर त्याच्यावर काय ओढवू शकतं, हे आधी त्याच्याजवळ बसून बोलायला हवं. नको म्हणाला तर कॅमेरा बंद करायला हवा, दृश्य कितीही मोलाचं असलं तरी.

‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरे गायले होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहा जणांचे जीव गेले. त्या धक्क्याने काही दिवसांतच घोगरेंनी आत्महत्या केली. पटवर्धन तेव्हापासून चित्रण करत राहिले. त्यातून घडलेला ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा व्हायला चौदा वर्षं लागली. तीन तासांहून मोठा हा चित्रपट मग वस्त्यावस्त्यांत दाखवला गेला, ज्यांची गोष्ट त्यांच्यासमोर. एवढा काळ माणसांना धरून राहणं, हीच मला या कामाची खरी नीती वाटते.

आता प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. धरणग्रस्तांची, सफाई कामगारांची, दरडीखालच्या गावांची चित्रफीत तासाभरात जगभर जाते. ती जायलाच हवी. पुरावा नसला की अन्याय झालाच नाही म्हणणारे पुष्कळ असतात. पण पुढच्या वेळी असा माहितीपट पाहिलात, तर दिग्दर्शकाला एवढं जरूर विचारा: हा त्या माणसांनी पाहिला का, आणि ती आज कशी आहेत?