शिकाऊ लायसन

वणीच्या खाणीतला कोळसा वाहणाऱ्या ट्रकांवर आमच्या भागातली पोरं क्लीनर म्हणून चढतात. कापसानं दगा दिला की स्टेअरिंगचाच आधार. पण ट्रकच्या शिकाऊ लायसनसाठी आधी हलक्या गाडीचं पक्कं लायसन लागतं, तेही वर्षभर जुनं. शिकाऊची मुदत ६ महिने. तेवढ्यात ट्रायल झाली नाही तर ते वाढत नाही, नव्यानं काढावं लागतं.

इथंच माणूस डगमगतो. वेचणीच्या दिवसांत मुदत निघून गेलेली असते. दलाल म्हणतो, "ट्रायल कायले देतं? पैसे टाक अन् घरी बस." गावही म्हणतं, पोटासाठी सारं माफ. खरंच माफ असावं का?

२०१९ साली सरकारनं आठवी पासची अट काढली. ते बरंच झालं. शाळा सुटली म्हणून कोणाची भाकर का तोडावी? पण ट्रायलची गोष्ट वेगळी. ती चुकवली तर भोगायचं दुसऱ्यानं. पांढरकवड्याजवळ ४४ नंबरचा हायवे ओलांडणारं शाळेचं लेकरू, बंडीवरचा म्हातारा, यांना कोणी विचारलं होतं?

गाडीवरच्या लाल 'एल'ची लाज कशाची? मी शिकतो आहे, जरा सांभाळून घ्या, एवढंच तो सांगतो. आणखी ६ महिने सांगावं लागलं तर सांगावं. भूक खरी आहे, पण तिचं देणं वाटेवरच्या तिऱ्हाइतानं का फेडावं?